पाणी नसलेल्या मुलखातल्या आठ जणी

माहूर गडावर रेणुकामातेचं दर्शन झालं आहे. हातात प्रसादाचा तांबूल आहे, कुटलेला, ओलसर, लवंग-वेलचीच्या वासाचा. पायऱ्या उतरताना मागे घंटा वाजत राहते. समोर सागाच्या झाडीनं भरलेले डोंगर, त्यांच्यापलीकडे पैनगंगेचं खोरं. इथे कठड्याला टेकून थोडं थांबा. तुम्हाला वर्षं ओलांडायची आहेत, कधी मागे, कधी पुढे. त्यासाठी एवढंच लागतं: पाठीवर पंजा आणि कानाशी मोठ्यानं म्हटलेला 'खो'.

पहिला खो मिळतो आणि तुम्ही फेब्रुवारी १६६१ मध्ये सह्याद्रीच्या उंबरखिंडीत येता. करतलबखानाची मोगली फौज अरुंद घळीत सापडली आहे. दोन्ही अंगांना शिवाजीराजांचे मावळे, पुढची वाट बंद, मागची बंद, घसा कोरडा. या फौजेत माहूरची सरदारीण आहे, राजे उदारामांच्या घराण्यातली सावित्रीबाई, रायबागन म्हणून ओळखली जाणारी. खानाला शरण जायला सांगते ती हीच. मैदान कुणाच्या बाजूनं आहे हे त्या सगळ्या फौजेत आधी तिला कळलेलं असतं. माहूरच्या माणसानं हे विसरू नये, म्हणून तुम्हाला इथून नेलं. पण आपलं काम पुढच्या काळात आहे.

दुसरा खो. तुम्ही नागपूर–तुळजापूर महामार्गाला लागता. नांदेड मागे पडतं, लोहा, अहमदपूर, लातूर, औसा. साडेतीन शक्तिपीठांतली दोन मराठवाड्यात आहेत, माहूरची रेणुका आणि तुळजापूरची भवानी, आणि हा रस्ता तुम्हाला एकीच्या मुलखातून दुसरीच्या पायाशी आणतो. तुळजापूरहून थोडं पुढे गेलं की धाराशिव. तुम्ही पोचता तेव्हा पाट्यांवर अजून उस्मानाबाद लिहिलेलं आहे. २००६ च्या आसपासची संध्याकाळ आहे.

मैदानावर नुकतं पाणी मारलंय. पाणी जपून मारतात इथे, धूळ बसेल एवढंच. ओल्या मातीचा वास आहे. दोन टोकांना दोन लाकडी खांब, मधून सरळ गेलेली अरुंद पाटी, तिला छेदणाऱ्या आठ आडव्या पाट्या आणि जिथे छेदतात तिथे आठ चौक. एका चौकात तुम्हाला बसवलं जातं.

बसा. मांडी घालून चालणार नाही. पंजांवर उकिडवं बसायचं, टाच उचललेली, एक पाय किंचित पुढे, दोन्ही हातांची बोटं जमिनीला टेकलेली. तुमच्या डाव्या-उजव्या शेजारणींची तोंडं तुमच्या उलट दिशेला आहेत, त्यामुळे मैदानाची अर्धी बाजू तुम्हाला दिसते आणि अर्धी फक्त ऐकू येते. मागे पावलं वाजताहेत, जवळ येताहेत, लांब जाताहेत. पळणारी तुमच्या नाकासमोरून एका झपाट्यात निघून जाते, तिच्या ओढणीएवढ्या अंतरावरून, आणि तुम्हाला हात लावता येत नाही, कारण तुम्ही बसलेल्या आहात. मांड्या पेटल्या आहेत. आणि मग पाठीवर पंजा बसतो, त्याच क्षणी 'खो!' आधी उठलात तर चूक. उशिरा उठलात तर ती गेली. उठताना ज्या बाजूला खांदा वळला ती दिशा तुमची झाली. आता मागे वळता येत नाही, मधली पाटी ओलांडता येत नाही, खांबाला वळसा घालूनच परत यायचं. तुम्ही चार पावलं धावता, पळणारी दोन चौकांच्या मधून पलीकडे सटकते, आणि तुमच्या हातात एकच गोष्ट उरते: पुढे बसलेल्या मुलीच्या पाठीवर पंजा ठेवून तिला खो देणं आणि तिच्या जागी पुन्हा बसणं.

खो-खो लहानपणी आपण सगळेच खेळलो. म्हणूनच आपण तो नीट कधी पाहिला नाही असं मला वाटतं. शाळेच्या मैदानावरची गंमत म्हणून तो मनात बसला. या चौकात पाच मिनिटं बसलात की कळतं, हा दुसऱ्याच्या श्वासावर लक्ष ठेवण्याचा खेळ आहे. पाठलाग करणारी गडी बाद करते तेव्हा तिच्याआधी सहा-सात जणींनी पळणारीला हळूहळू कोपऱ्यात ढकलत आणलेलं असतं. शेवटी एक जण खांबाला एका हातानं धरते, सगळं अंग बाहेर झोकून देते आणि दुसऱ्या हाताची बोटं पळणारीच्या खांद्याला लागतात. टाळ्या तिला मिळतात. कागदावर तिच्या नावापुढे एक गडी लिहिला जातो. बाकीच्यांनी दिलेले खो कुठेच लिहिले जात नाहीत.

आता मैदानाच्या कडेला बघा. तेरा वर्षांची एक मुलगी आली आहे. मामा-काकांपैकी कुणी खेळलेलं असेल तर मुलीचे पाय मैदानाकडे वळतात. हिला घेऊन आलेले काका स्वतः खो-खो खेळणारे. मुलीचं नाव सारिका काळे. तिला नीट बघून ठेवा, कारण पुढची चौदा वर्षं तुम्हाला तिच्या मागे जायचं आहे.

घर कसं आहे ते तिनं नंतर स्वतःच जाहीरपणे सांगितलं. आई शिवणकाम आणि मिळेल ती घरगुती कामं करायची. वडिलांना शारीरिक मर्यादा होत्या, त्यांच्या हातून फार कमाई होत नव्हती. घर चालायचं आजी-आजोबांच्या मिळकतीवर. आणि दिवसातून एकदाच जेवण. हे एखाद्या वाईट महिन्याचं चित्र नव्हे, जवळजवळ दहा वर्षांचं आहे. खेळाडूला लागतं तसं अन्न तिला मिळायचं ते शिबिराला किंवा स्पर्धेला बाहेरगावी गेल्यावर.

इथे घाई करू नका. तुम्ही नुकत्याच त्या चौकातून उठला आहात, मांड्यांची आग अजून गेलेली नाही. उपाशीपोटी ते करून बघा. सकाळी शाळा, संध्याकाळी दोन तास मैदान, शेकडो वेळा उठबस, खांबावर झोकून देणं, गुडघे-कोपरं सोलून घेणं आणि रात्री घरी गेल्यावर पाणी पिऊन झोपणं. दुसऱ्या दिवशी पुन्हा. मग एक दिवस संघात निवड होते, शिबिर लागतं आणि ताटात दोन भाज्या, डाळ, अंडी असं काहीतरी येतं. शिबिर म्हणजे जेवण, हे ज्या मुलीला ठाऊक आहे तिच्यासाठी संघात निवडलं जाणं म्हणजे काय, हे आपल्यासारख्या दोन वेळ जेवणाऱ्यांनी मोठ्या तोंडानं सांगू नये. एवढं मात्र नक्की म्हणता येतं, की ती खेळली म्हणून तिला जेवायला मिळालं. व्हायला पाहिजे होतं उलटं.

तिसरा खो तुम्हाला फार लांब फेकतो. सप्टेंबर २०००, सिडनी. डोळ्यांसमोर निळं पाणी. इतकं पाणी एका जागी स्वच्छ, स्थिर, दिव्याखाली चमकताना मराठवाड्यातून आलेल्या डोळ्यांना आधी खोटंच वाटतं. आठ जपानी मुली काठावर उभ्या आहेत. नाकाला चिमटा, केस जिलेटिन लावून दगडासारखे घट्ट बसवलेले. संगीत सुरू होतं, पाण्याखालीही ऐकू येतं कारण तिथेही ध्वनिक्षेपक बसवलेत, आणि आठ जणी पाण्यात उतरतात. तळाला पाय टेकवायची परवानगी नाही. वर आठ हात एकाच क्षणी, एकाच कोनात. खाली पाय सतत गोल फिरताहेत, त्यावर सगळं शरीर तोललेलं. श्वास रोखून उलट्या झालेल्या आठ जणींपैकी एकीचा घोटा अर्धी वीत खाली गेला तरी परीक्षकांच्या गुणात तो आठही जणींचा दोष धरला जातो.

यांच्यात मिया ताचिबाना आहे. ओत्सू शहरातली, मासायो इमुरा या करड्या प्रशिक्षिकेच्या हाताखाली घडलेली. सांघिक कलात्मक जलतरण ऑलिंपिकमध्ये आलं १९९६ ला, अटलांटात, आणि त्या पहिल्याच वेळी कांस्य जिंकलेल्या जपानी संघात ती होती. सिडनीत मिहो ताकेदाबरोबर दुहेरीचं रौप्य आणि आठ जणींबरोबर सांघिक रौप्य. पुढच्या वर्षी फुकुओकाच्या जागतिक स्पर्धेत, घरच्या पाण्यात, याच जोडीला दुहेरीचं सुवर्ण. २००४ ला अथेन्समध्ये पुन्हा दोन रौप्य. पाच ऑलिंपिक पदकं, आणि त्यातलं एकही तिचं एकटीचं नाही. ऑलिंपिकच्या चारही रौप्यांच्या वेळी पुढे रशिया. तरी आठ वर्षं त्याच पाण्यात, त्याच संगीताला, पुन्हा पुन्हा.

तुम्हाला इथे मुद्दाम आणलं. या आठ जणींना बघताना उस्मानाबादच्या चौकातल्या आठ जणी आठवल्या पाहिजेत. दोन्हीकडे एकीचं शरीर दुसरीच्या वेळेवर चालतं. दोन्हीकडे अंगात ताकद काठोकाठ आणि चेहऱ्यावर ती दिसू द्यायची नाही. फरक पाण्याचा आहे. जपानच्या मुलीला तलाव मिळाला, त्याच्या पाण्याचं तापमान राखणारी माणसं मिळाली, आहारतज्ज्ञ मिळाला. मराठवाड्यात बारा महिने भरलेला तलाव म्हणजे चैन, म्हणून आमच्या मुलींना जे मिळालं त्यावर त्या खेळल्या, आणि ते होतं माती. संघाशी एकजीव होण्याची ही कला कोरड्या मुलखात खो-खोच्या रूपानं टिकली असं मी ठामपणे म्हणेन.

या मातीचा मागचा काळ दोन पावलांत बघून घ्या. १९१४ च्या सुमारास पुण्याच्या डेक्कन जिमखान्यावर खेळाचे नियम कागदावर येताहेत. १९३६ ला अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचा चमू बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी देशी खेळांची प्रात्यक्षिकं दाखवतोय, युरोपातले प्रेक्षक मल्लखांबाकडे तोंड उघडं टाकून बघताहेत. १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला कोल्हापुरात महिलांची राष्ट्रीय स्पर्धा. मग थेट १९९६, कोलकाता, पहिली आशियाई खो-खो स्पर्धा. त्याच साली तिकडे अटलांटात ताचिबाना पहिलं पदक गळ्यात घालत होती. तिला बघायला जग होतं. कोलकात्यात कोण आलं असेल बघायला, याची कल्पना करा. १९९८ नंतर तर खो-खोला अर्जुन पुरस्कार मिळणंच बंद झालं, आणि ते बावीस वर्षं बंद राहिलं.

चौथा खो. फेब्रुवारी २०१६, गुवाहाटी. दक्षिण आशियाई क्रीडा स्पर्धा सुरू आहेत आणि यंदा त्यात पहिल्यांदाच खो-खो आहे. तुम्ही निळ्या जर्सीत आहात, पायाखाली माती नाही, मॅट आहे. मॅटवर पाय वेगळा पडतो. मातीत शेवटचं पाऊल थोडं घसरतं आणि त्या घसरण्याचा अंदाज घेऊन हुलकावणी द्यायची सवय असते. मॅट तुम्हाला जागच्या जागी पकडून ठेवते, गुडघ्याला हिसका बसतो. समोर आलेल्या कर्णधाराकडे बघा. उस्मानाबादच्या मैदानाच्या कडेला उभी असलेली तीच मुलगी. आता ती पंचांकडे नाणेफेकीला चालली आहे. भारताची कर्णधार.

तिच्याबरोबर पळून बघा. तीन जणींची तुकडी मैदानात उतरते. एक पळते, दोघी बाजूला उभ्या राहून श्वास साठवतात. तुमची पाळी आली. मागे पाठलाग करणारी येते आहे, तुम्ही दोन चौकांच्या मधून आत शिरता, पुढच्या दोघींच्या मधून बाहेर, पुन्हा आत, पुन्हा बाहेर. ही साखळी. प्रत्येक बसलेली मुलगी पुढच्या क्षणी उठू शकते, म्हणून तुमचं लक्ष पाठलाग करणारीच्या पायांकडे नसतं, तिच्या खांद्यांकडे असतं. खांदा झुकला की खो येणार. कधी ती नुसतं हात पुढे करते आणि खो देतच नाही. त्या हुलीला फसलात तर संपलात. एक मिनिट झालं. छाती फुटायला आलीय. दीड मिनिट. कडेवरून कुणीतरी सेकंद ओरडून सांगतंय. दोन मिनिटं टिकलात तर तुम्ही मोठं काम केलं. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्राच्या खेळाच्या पानावर, अगदी खाली, तुमच्या नावापुढे ती मिनिटं आणि बाद केलेले गडी छापून येतील. खो-खोपटूच्या कारकिर्दीची नोंद ती तेवढीच.

भारताच्या महिलांनी सुवर्ण जिंकलं. राष्ट्रगीताच्या वेळी तुम्ही तिच्या शेजारी उभ्या आहात.

दोन महिन्यांनी, एप्रिल २०१६, इंदूर. तिसरी आशियाई स्पर्धा. पुन्हा भारत विजेता, आणि स्पर्धेतली सर्वोत्तम खेळाडू सारिका काळे. आनंदात उभ्या असताना जरा दक्षिणेला, लातूरकडे कान द्या. रेल्वेच्या वाघिणींचा आवाज येतोय. मिरजेहून पाणी भरून निघालेली गाडी लातूर स्थानकात शिरते आहे, लोक तिला जलदूत म्हणतात. मांजरा धरण कोरडं पडलंय. गेल्या महिन्यात लातूरमध्ये पाणी भरायच्या ठिकाणी भांडणं होऊ नयेत म्हणून जमावबंदी लावावी लागली. क्रिकेटच्या मैदानांना किती पाणी द्यायचं यावर मुंबई उच्च न्यायालयात सुनावणी झाली आणि ३० एप्रिलनंतरचे आयपीएलचे सामने महाराष्ट्राबाहेर हलवायचा आदेश निघाला. त्याच एप्रिलमध्ये, लातूरला लागूनच्या जिल्ह्यातली मुलगी आशियातली सर्वोत्तम ठरली, अशा खेळात ज्याला धूळ बसण्यापुरतं पाणी पुरतं. या दोन बातम्या त्या महिन्यात कुणी शेजारी शेजारी ठेवून वाचल्या असतील का? मला अजून राहून राहून वाटतं, की त्या एकत्रच वाचायच्या होत्या.

आणि आता तुम्हाला त्याच वर्षातल्या एका अशा दिवसात जायचं आहे ज्याला टाळ्या नाहीत. सुवर्णपदकानं घरात पीठ येत नाही. घरची ओढाताण तीच आहे, आता वय वाढलंय, आणि खेळून पुढे काय हा प्रश्न रोज रात्री उशाशी बसतो. सारिका मनातून खचली आहे. तिनं खेळ सोडायचं ठरवलं आहे. देशाची कर्णधार, आशियाई विजेती, आणि मैदानाकडे पाऊल वळत नाही. तुम्ही तिच्या घराच्या दारात उभ्या असाल तर काय सांगाल तिला? माझ्याकडे उत्तर नाही. प्रशिक्षक चंद्रजित जाधव आणि तिच्या भोवतालच्या माणसांकडे होतं. ते बोलले, समजावलं, पुन्हा पुन्हा बोलले. ती मैदानावर परतली. जाधव सर पुढे म्हणाले की तिच्या कारकिर्दीला वळण मिळालं ते इथे. दहा-बारा वर्षं मैदानावर मुली घडवणाऱ्या माणसाला असल्या दिवशी शिट्टी बाजूला ठेवून नुसतं बसून ऐकावं लागतं, आणि तालुक्या-जिल्ह्यांतले असे प्रशिक्षक नसते तर मराठवाड्यातली खो-खोची परंपरा कधीच आटली असती.

पाचवा खो, २०१९. सरकारी नोकरी. मग तुळजापूरला तालुका क्रीडा अधिकारी. ज्या रस्त्यानं तुम्ही माहूरहून आलात त्याच रस्त्याच्या शेवटी तिचं कार्यालय. महिन्याच्या महिन्याला पगार येतो, घराला पहिल्यांदा टेकू मिळतो. पुढच्या वर्षी, २९ ऑगस्ट २०२० ला, राष्ट्रीय क्रीडादिनी अर्जुन पुरस्कार. पण दरबार हॉल नाही, तुतारी नाही. करोनाचं साल आहे. राष्ट्रपती रामनाथ कोविंद पडद्यावर आहेत आणि पुरस्कार घेणारे देशात ठिकठिकाणी, तोंडाला मुखपट्ट्या लावून. बावीस वर्षांनी खो-खोला अर्जुन आला आणि तो असा आला. तरी तुम्ही टाळ्या वाजवा. मोठ्यानं वाजवा. त्या दिवसांत पत्रकारांशी बोलताना तिनं पदकांची यादी सांगत बसण्यापेक्षा एका वेळच्या जेवणाची आठवण सांगितली. सत्तावीस वर्षांच्या क्रीडा अधिकाऱ्याला देशानं ऐकून घ्यावं असं याहून महत्त्वाचं काही सांगायचं नव्हतं, आणि तिनं ते बरोबर ओळखलं.

तुळजापूरच्या त्या कार्यालयात थोडा वेळ बसा. तालुका क्रीडा अधिकाऱ्याचं काम म्हणजे शालेय स्पर्धांची वेळापत्रकं, वयाचे दाखले, मैदानांचे प्रस्ताव, पंचांचं मानधन, शिबिराच्या याद्या. कंटाळवाणं वाटेल. पण शिबिराच्या यादीत किती मुली घ्यायच्या आणि त्यांच्या ताटात काय वाढायचं हे ठरवणाऱ्या टेबलाशी, ज्या मुलीसाठी शिबिर म्हणजेच जेवण होतं ती बसली आहे. असं टेबल माहूरला, किनवटला, हदगावला हवं. तिकडच्या तांड्यांवरून आणि पाड्यांवरून चालत शाळेत येणाऱ्या मुलींच्या पायांत दम आहे, हे तिथल्या कुठल्याही शिक्षकाला विचारा. त्या पायांना रात्रीचं जेवण कोण देणार, एवढंच ठरायचं बाकी आहे. खेळाच्या धोरणांवर पानंच्या पानं लिहिली जातात, त्यात मॅटचा खर्च असतो, दिव्यांचा असतो. संध्याकाळच्या सरावानंतर मुलींना मैदानावरच पोटभर जेवण, ही ओळ मला त्यात सगळ्यात वर हवी आहे.

शेवटचा खो. १९ जानेवारी २०२५, दिल्ली, इंदिरा गांधी क्रीडा संकुल. खो-खोचा पहिला विश्वचषक, २३ देश. इतक्या दिव्यांखाली हा खेळ तुम्ही कधी पाहिला नव्हता. नियमही बदललेत, वेगवान झालेत: चार डाव, प्रत्येक गड्याला दोन गुण, आणि 'वजीर' नावाचा एक खेळाडू जो पाठलाग करताना दोन्ही दिशांना वळू शकतो. तुम्ही ज्या चौकात मांड्या जाळत बसल्या होतात, त्या चौकातून उठलेल्यांना असं वळायला मिळालं असतं तर? जुन्या खेळाडूंना हे रुचत नाही, मला त्यांचं दुःख समजतं. पण भरलेलं प्रेक्षागृह बघताना तक्रार ओठांवर येत नाही.

भारताच्या महिला संघाची कर्णधार प्रियांका इंगळे. मूळ कुटुंब बीड जिल्ह्यातलं, खेळ घडला पुण्याकडे. संघात अश्विनी शिंदे आहे, धाराशिवची, त्याच मातीतली. गटात दक्षिण कोरियाला १७५–१८ असं हरवून हा संघ आलाय, मग इराण, मलेशिया, उपांत्यपूर्व फेरीत बांगलादेश, उपांत्य फेरीत दक्षिण आफ्रिका. समोर आता नेपाळ. नेपाळच्या मुली चिवट आहेत, पायांत पहाड आहे त्यांच्या.

पहिल्या डावात भारत पाठलागाला. खो, खो, खो. एकीचा पंजा दुसरीच्या पाठीवर पडायचा अवकाश की ती उठलेली असते, नेपाळच्या तुकड्या एकामागून एक बाद होतात. ३४–०. दुसऱ्या डावात नेपाळ पाठलागाला येतो, मध्यंतराला ३५–२४. अंतर कमी झालंय, बाकांवर चुळबुळ आहे. तिसऱ्या डावात भारत पुन्हा तुटून पडतो आणि फलक ७३–२४ वर जातो. चौथा डाव. आता पळायचं आहे. कर्नाटकची चैत्रा बी. पळते आहे. नव्या नियमात एखादी तुकडी तीन मिनिटं टिकली की एक गुण, पुढे दर अर्ध्या मिनिटाला एक. तुम्ही दोन मिनिटं पळून बघितलंय, दोन मिनिटांत काय होतं ते तुमच्या छातीला माहीत आहे. तीन मिनिटं होतात. साडेतीन. चार. ती साखळीतून आत शिरते, बाहेर येते, खांबाजवळ येते आणि खांबावरून झेपावलेल्या हातापासून बोटभर अंतरानं निसटते. साडेचार. पाच. ५ मिनिटं १४ सेकंदांनी तुकडी बाद होते तेव्हा भारताच्या खात्यात पाच गुण वाढलेले असतात. ७८.

नेपाळ ४० वर थांबतो. प्रियांका इंगळेच्या हातात चषक येतो, सगळ्याजणी तिच्याभोवती गोळा होतात, आणि तुम्हाला कळत नाही कुणाकडे बघायचं, कारण चैत्राच्या गळ्यात पडलेल्या, खांद्यावर चढलेल्या, मॅटवर बसून रडणाऱ्या सगळ्यांचेच चेहरे घामानं सारखे चमकताहेत. जोरजोरात नावं पुकारली जातात. अश्विनीचं नाव येतं तेव्हा धाराशिवचा उच्चार निवेदकाला नीट जमत नाही. तुम्ही तुमच्या खुर्चीवरून ओरडून तो दुरुस्त करता.